आंग म्हणजे काय

१

त्या दिवशी डोंगरावर माणूस हरवला तो माझ्या एका कासवापायी.

पोलीस चौकीतही मी असंच म्हणालो होतो. त्यावर फू साहेबांनी लेखणी खाली ठेवली आणि विचारलं, "उस्ताद, घेऊन आलायत का?"

घेतलेली नव्हती. मी छ्वानचौ शहरात भाड्याची गाडी चालवायचो. आमची कंपनी एका दिवसासाठी गाडी, ड्रायव्हर आणि गाईड असं सगळं मिळून पाहुण्यांना द्यायची. दोन दगडी मनोरे, मोठं देऊळ, समुद्राच्या तोंडावरचा लांबलचक पूल, मधे जेवण, संध्याकाळी परत हॉटेलात. गाईड खरा इतिहास सांगायची, मी दुसरा. माझा जास्त खपायचा.

अठ्ठ्याण्णव सालचा वसंत. कबरी झाडायचा चिंगमिंगचा सण आठवड्यावर आला होता. त्या मंगळवारी आमचा पाहुणा एकच होता. त्सेंग बोयाव, वय बहात्तर, राहणार पेनांग. मूळचा आमच्याच मुलखातला. बाविसाव्या वर्षी समुद्रापार गेला तो पन्नास वर्षांनी उगवला. गाईड होती युएलान, सव्वीस वर्षांची, उत्तरेकडची, आमची बोली औषधालाही न येणारी. म्हाताऱ्यानं दुपारी जेवणानंतर तिला म्हटलं, "मनोरे पुरे झाले. आता माझ्या गावच्या डोंगरावर चल. बायकोची कबर आहे. मी ती फोटोतच पाहिलीय."

"आजोबा, ते कार्यक्रमात नाही," युएलान म्हणाली.

"माझ्या कार्यक्रमात पन्नास वर्षं आहे," म्हातारा म्हणाला.

गेलो. गाडी खाली थांबली, ते दोघं वर गेले. वीस मिनिटांनी युएलान एकटीच उतरली. म्हणाली, "अर्धा तास एकटं सोड म्हणतात." म्हाताऱ्याची पिशवी, पासपोर्ट, कॅमेरा सगळं तिच्याच खांद्याला.

अर्धा तास. आणि तिथं मी तोंड उघडलं. त्या लांब पुलाचा मधला खांब कसा भरतीत खचत होता, आणि एका कासवानं तो कसा तीनशे वर्षं पाठीवर तोलून धरला, ते मी तिला सांगायला घेतलं. कासवाला पाठ खाजवायची होती, पण खाजवली तर पूल पडणार. पोरगी अशी हसत होती की मी त्या कासवाला बायको दिली, सासू दिली, सासूला संधिवात दिला. भानावर आलो तेव्हा सव्वा तास उलटून गेला होता.

वर गेली ती युएलान एकटीच. तिची हाक मला खालपर्यंत ऐकू आली. "आजोबा! आजोबा!"

उत्तर आलं नाही.

२

फू साहेब आमच्याच मुलखातले. जाडे, सावकाश, गरम पाण्याचा थर्मास काखेत. समोरचा माणूस बोलायचा थांबला की पाण्याचा घोट घेत आणि नुसते बघत राहत. मग समोरचा आपसूक पुढं बोलायचा.

बुधवारी सकाळपासून त्यांनी एकेकाला बोलावलं. युएलानच्या वेळी मला दुभाष्या म्हणून बसवलं. तिला साहेबांचा उच्चार कळत नव्हता, साहेबांना तिचा.

"पासपोर्ट तुझ्याकडे कसा?"

"वजन मीच उचलते सगळ्यांचं. गाईड आहे मी."

"कार्यक्रमात नसलेल्या डोंगरावर का नेलंस?"

"त्यांनी हट्ट धरला."

"तुमच्या कंपनीचे लोक म्हणतात, आम्हाला काही माहीत नाही, पोरीनं परस्पर नेलं."

साहेबांनी पाण्याचा घोट घेतला.

"वर काय झालं ते सांग. एकूण एक."

"कबरीवर गवत माजलं होतं. ते त्यांनी हातानं बाजूला केलं. दगडावर दोन नावं होती, त्यांचं आणि बायकोचं. मी त्यांचा फोटो काढला." ती थांबली. "मग ते हसले."

"कबरीपुढं?"

"मला वाटलं रडतायत. पण हसत होते. बायकोच्या नावावरून हात फिरवत होते आणि हसत होते. तुमच्या बोलीत काहीतरी पुटपुटले. 'आंग' असं काहीसं. दोनदा. आंग, आंग."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं.

"आंग म्हणजे नवरा," मी म्हटलं. "बायकोनं हाक मारावी तसं. आठवण आली असेल म्हाताऱ्याला."

साहेबांनी मान हलवली आणि लिहून घेतलं. आणि असं मी, जन्मभर दुसऱ्यांना चकवणारा ज्वांग, त्या पोरीच्या मानेला फास थोडा आणखी आवळून ठेवला. कारण कबरीपुढं 'नवरा, नवरा' पुटपुटत हसणारा म्हातारा म्हणजे भ्रमिष्ट म्हातारा. आणि भ्रमिष्ट म्हाताऱ्याची पिशवी घेऊन एकटी खाली उतरणारी परमुलखातली पोरगी म्हणजे काय, ते वरच्या साहेबांना कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. गुरुवारी संध्याकाळपर्यंत म्हातारा सापडला नाही तर हिला शहरच्या कोठडीत पाठवा, असा हुकूम आला होता.

"उस्ताद," बाहेर पडताना ती मला म्हणाली, "कासवाचं पुढं काय झालं?"

"काय व्हायचंय?"

"नाही, मी ते साहेबांना सांगितलं नाही. सव्वा तास आपण काय करत होतो, ते. सांगितलं असतं तर कुणाचा विश्वास बसला असता?"

मी मग पुन्हा आत गेलो आणि कासवाचं सगळं सांगितलं. घेऊन आलायत का, हे साहेबांनी विचारलं ते तेव्हा.

३

दुपारी आले त्सेंग च्यूरेन. म्हाताऱ्याचा पुतण्या, गावच्या शाळेचे हेडमास्तर. शाळेचं नाव आ-यिन विद्यालय. आ-यिन म्हणजे म्हाताऱ्याची ती बायको. तिच्या आठवणीसाठी म्हाताऱ्यानंच पेनांगहून शाळा उभी करून दिली होती.

हेडमास्तर अत्यंत सभ्य माणूस. इस्त्रीचा सदरा, खिशाला दोन पेनं. डोळे मात्र लाल.

"काका येणार हे मला ठाऊकच नव्हतं, साहेब. कळवलं असतं तर मी स्टेशनवर हार घेऊन उभा राहिलो असतो."

"आधी कधी आले नाहीत ते?"

"दर वर्षी यायचं म्हणायचे. कधी रस्ता वाहून गेलेला, कधी साथ. मीच लिहायचो, पुढच्या वर्षी या."

"मंगळवारी दुपारी तुम्ही कुठं होता?"

"शाळेत. मग चिंगमिंग आला म्हणून कबरीकडं जायचं मनात होतं, पण नाही जमलं."

"काकू कधी वारल्या?"

"साठ साली. दुष्काळात." हेडमास्तरांनी हात जोडले. "साहेब, त्या पोरीला विचारा. म्हाताऱ्या माणसाला डोंगरावर एकटं सोडणारी कसली गाईड?"

त्यांच्यामागून आ-श्वी आला. हा डोंगरावर कबरी झाडतो, पुसट अक्षरांत नव्यानं रंग भरतो. हात कोपरापर्यंत रंगानं माखलेले.

"मंगळवारी होतास का रे वर?"

"होतो की. सणाआधी मी तिथंच झोपतो म्हणा ना."

"म्हातारा दिसला?"

"पाठ दिसली. पलीकडच्या उतारानं शाळेकडं चालला होता, तरातरा. त्या वयात तसा चालणारा माणूस मी पाहिला नाही. लग्नाला उशीर झाल्यासारखा."

"मग?"

"मग काय, मला वीस कबरी उरकायच्या होत्या. आणि साहेब, कुणीतरी माझा काळ्या रंगाचा डबा पळवलाय. ते पण लिहा."

"डबा?"

"हसू नका. सणाच्या तोंडावर काळा रंग मिळत नाही कुठं."

साहेब हसले नाहीत. पण डबा लिहूनही घेतला नाही.

गुरुवारी सकाळी म्हातारा सापडला. डोंगराच्या पलीकडे दगडाची जुनी खाण आहे. खोदून सोडून दिलेली, पाण्यानं भरलेली. त्या हिरव्या पाण्यात पालथा. शाळा आणि कबर यांच्या बरोबर मधे.

म्हाताऱ्याच्या डोक्याला मागून मार होता.

४

गुरुवारी दुपारी फू साहेबांनी सगळ्यांना शाळेच्या एका वर्गात बसवलं. बाकं लहान मुलांची. साहेब त्यात मावेनात, म्हणून उभेच राहिले. फळ्याला पाठ लावून, थर्मास टेबलावर. युएलानच्या शेजारी एक शिपाई. म्हातारा सापडला तो मेलेला, म्हणून हुकूम तसाच होता; संध्याकाळची गाडी बाहेर उभी होती, तिला न्यायला.

"माझ्याकडे दोन फोटो आहेत," साहेब म्हणाले. "पहिला या पोरीनं मंगळवारी दोन वाजता काढला. काल फिल्म धुवून घेतली. दुसरा आमच्या माणसानं काढला, बुधवारी सकाळी आठ वाजता. जागेची नोंद म्हणून. आमचा माणूस परमुलखातला, त्याला त्यात काही दिसलं नाही. मलाही काल दिसलं नाही. आज सकाळी प्रेत वर काढताना मला 'आंग' आठवलं."

त्यांनी दोन्ही फोटो टेबलावर ठेवले. मी वाकून पाहिलं.

आमच्या डोंगरावर नवराबायकोचा दगड एकच असतो. दोघांतला एक गेला की दोघांचीही नावं कोरतात. गेलेल्याचं नाव काळं. मागं राहिलेल्याचं लाल, म्हणजे हा अजून आहे, याची जागा राखून ठेवा. तो गेला की लालाचं काळं करायचं. आमच्याकडं शेंबड्या पोरालाही हे कळतं.

मंगळवारच्या फोटोत म्हातारा दगडाशेजारी उभा. दगडावर दोन नावं.

दोन्ही लाल.

"उस्ताद," साहेब माझ्याकडे न बघता म्हणाले, "आंग म्हणजे काय?"

"नवरा," मी म्हटलं, आणि जीभ चावली. "आणि... लाल. सूर वेगळा. या पोरीला सूर कुठून कळणार? तिनं सांगितलं ते मी माझ्या सोयीनं ऐकलं."

"तो नवरा, नवरा म्हणत नव्हता. लाल, लाल म्हणत होता." साहेबांनी घोट घेतला. "बायको जिवंत आहे हे त्याला त्या क्षणी कळलं. म्हणून हसला. म्हणून पोरीला खाली पाठवलं आणि लग्नाला उशीर झाल्यासारखा शाळेकडं पळाला. विचारायला, की ती कुठं आहे."

हेडमास्तर शांतपणे म्हणाले, "साहेब, आ-श्वीकडून चूक झाली असेल. हाताला लाल डबा लागला, दोन्ही रंगवली."

"असेल. आता बुधवारचा फोटो बघा."

बुधवारच्या फोटोत म्हाताऱ्याचं नाव काळं होतं. बायकोचं लालच.

"बुधवारी सकाळी आठ वाजता," साहेब म्हणाले, "मी त्या म्हाताऱ्याला जिवंत समजून शोधत होतो. ही पोरगी जिवंत समजून शोधत होती. अख्खं गाव शोधत होतं. एका माणसाला मात्र ठाऊक होतं, की आता हे नाव काळं करायला हवं."

"आ-श्वीनंच केलं असेल," हेडमास्तर म्हणाले. "त्याचाच डबा, त्याचाच कुंचला."

"आ-श्वी, इकडं ये." साहेबांनी खडू उचलला आणि फळ्यावर तीन नावं लिहिली. "यातलं त्सेंग बोयाव कुठलं ते दाखव."

आ-श्वी फळ्याकडं बघत राहिला. मग मान खाली घातली. "साहेब, मला चार लोकांत कशाला... मी खाच दिसेल तिथं रंग भरतो. घरचे बोट ठेवतात, हे काळं, हे लाल. वाचता आलं असतं तर मेलेल्यांत कशाला राहिलो असतो?"

"बस खाली. तुझा डबा मी आता लिहून घेतो." साहेब वळले. "म्हणजे हे एक नाव काळं करणाऱ्याला वाचता येतं. उस्तादांना येतं. पण उस्ताद रंगवायला बसले असते तर त्यांनी काय केलं असतं? काय हो?"

"दोन्ही काळी," मी म्हटलं. "ती साठ सालीच मेली असं सगळा गाव म्हणतो."

"कुणीही दोन्ही काळी केली असती. चूक सुधारली, असं समजून. या हातानं मात्र एकच काळं केलं. बाजूचं लाल नाव तसंच ठेवलं, वर एक थेंबही उडू दिला नाही. तो माणूस कोण, ज्याला एकाच वेळी ठाऊक आहे की काका मेला आणि काकू जिवंत आहे?"

हेडमास्तर फोटोकडं बघत होते. साहेबांनी या वेळी घोटही घेतला नाही.

"काळं करून टाकायचं होतंत, मास्तर," साहेब हळूच म्हणाले. "पहिल्याच दिवशी. दगड बसवला तेव्हाच. मग काका आला असता, रडला असता, आणि परत गेला असता."

हेडमास्तरांनी वर पाहिलं. त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता, नवल होतं. एवढं साधं या माणसाला कळू नये, याचं नवल.

"जिवंत माणसाचं नाव काळं कसं करणार, साहेब?" ते म्हणाले. "ती माझी काकू आहे."

५

पुढचं त्यांनी न विचारता सांगितलं. खोटं त्यांचं नव्हतं, त्यांच्या आजीचं होतं. आजीला ती सून नको होती. तिनं सुनेला सांगितलं, बोटीतच मेला तो. पुढं साठ साली मुलाला कळवलं, वारली ती. सुनेनं डोकं भादरलं आणि शहरातल्या बायकांच्या मठात, शाकाहारी भगिनींत राहायला गेली. आजी मेली, खोटं पुतण्याच्या हाती आलं. तेवढ्यात पेनांगहून पत्र आलं, तिच्या नावानं शाळा बांधायची आहे, कबरीचा फोटो पाठव. च्यूरेननं रिकाम्या जागेवर दगड उभा केला. कागदावर ते काहीही लिहू शकत होते. दगडावर हात धजावला नाही. लाल रंग भरला, फोटो काढला तो काळापांढरा, आणि पुढं कुणाला दिसू नये म्हणून दगडावर गवत माजू दिलं.

"दर नव्या वर्षाला मी तिच्याकडं तांदूळ पोचवतो," ते म्हणाले. "नाव न सांगता. साहेब, मेलेल्या बाईच्या नावाची शाळा आहे ही. ती फाटकातून आत आली असती तर मी कोण उरलो असतो? काका म्हणाले, चल, आत्ता तिच्याकडं ने. हसत होते हो. सगळी वाट हसत होते. मला म्हणाले, तुझ्यावर रागसुद्धा येत नाहीये बघ."

"आणि मग रंग?"

"नाव लाल राहिलं असतं तर त्यांचा आत्मा घरी कसा पोचला असता?"

शिपायानं युएलानच्या खांद्यावरचा हात काढला आणि तो हेडमास्तरांच्या खांद्यावर ठेवला. बाहेरची गाडी त्यांना घेऊन गेली.

६

साहेब युएलानला म्हणाले, "तू सुटलीस. रात्रीची गाडी आहे उत्तरेकडची."

"त्यांना कोण सांगणार?" युएलान म्हणाली. "आ-यिन आजींना."

"ते माझं काम."

"काय सांगणार? की नवरा मेला? ते त्यांना ठाऊक आहे. पन्नास वर्षं ठाऊक आहे."

साहेब थर्मासचं झाकण लावत राहिले. ते बसेना.

शेवटी आम्ही तिघंही गेलो. मठ म्हणजे एका गल्लीतलं बैठं घर. अंगणात वाळत घातलेली मुळ्याची भाजी, पाच-सहा म्हाताऱ्या. आ-यिन त्यांतली सगळ्यांत लहानखुरी. सत्तरीची. हातातल्या शेंगा सोलता सोलता तिनं साहेबांचं सगळं ऐकलं. पुतण्याचं नाव आलं तेव्हा शेंगा सोलायची थांबली, मग पुन्हा सोलू लागली.

"म्हणजे परवापर्यंत होता," ती म्हणाली.

"हो, मावशी," साहेब म्हणाले.

"मी त्याला बाविसाचाच धरून चालले होते. रोज उदबत्ती लावताना. मी म्हातारी होत गेले, तो तसाच." ती युएलानकडं वळली. "ही कोण?"

"ही मंगळवारी दिवसभर त्यांच्याबरोबर होती," मी म्हटलं.

म्हातारीनं शेंगांची टोपली बाजूला केली आणि बाकावर जागा करून दिली. "बस इथं. दिवसभर होतीस? मग सांग. सकाळपासून सांग."

युएलानला बोली येत नव्हती, म्हातारीला दुसरी भाषा येत नव्हती. मधे मी. आयुष्यात पहिल्यांदा मी कुणाचं बोलणं जसंच्या तसं पोचवत होतो, एका शब्दाची भर न घालता. घालता आलीच नाही.

सकाळी आठला ते हॉटेलच्या पायरीवर उभे होते, युएलान म्हणाली. टाय बांधलेली, पण उलटी. देवळात त्यांनी जोडे स्वतः उचलून ठेवले. मनोऱ्याखाली मला म्हणाले, तुझा सन चुकतोय, वाद घालू नको, मी इथं पतंग उडवलेत. जेवायला कालवांचं धिरडं घेतलं. पहिल्याच घासाला स्वयंपाक्याला बाहेर बोलावलं आणि म्हणाले, रताळ्याचं पीठ कमी पडलंय.

"कमीच घालतात हल्ली," म्हातारी म्हणाली. "दात होते?"

"वरचे होते. खालचे बसवलेले."

"आणि केस?"

"पांढरे. पण दाट."

म्हातारी मान हलवत राहिली. युएलान पुढं म्हणाली, "मग जेवण झाल्यावर आम्ही डोंगराकडं..."

मी ते वाक्य पोचवायच्या आधीच म्हातारीनं तिच्या गुडघ्यावर हात ठेवला.

"तिकडं नको," ती म्हणाली. "जेवणापाशी थांब. पुन्हा सकाळपासून सांग."

मी युएलानला तेवढंच सांगितलं. तिनं डोळे पुसले, पाठ ताठ केली, पाहुण्यांपुढं उभं राहताना करायची तशी.

"सकाळी आठ वाजता," तिनं सुरुवात केली, "ते हॉटेलच्या पायरीवर उभे होते."